पाच तासांचं घड्याळ

चित्रीकरणाच्या आठव्या दिवशी माझ्या लेकीचा दात हलायला लागला आणि साठ माणसांचं अख्खं युनिट त्या एका दातापायी काळजीत पडलं. समोरच्या दोन मोठ्या दातांच्या शेजारचा, डावीकडचा, दुधाचा दात. ती जिभेने तो आतून ढकलायची, बाहेर आणायची, सोडून द्यायची. कंटिन्युइटी बघणारी ताई वही घेऊन आली, तिच्यासमोर उकिडवी बसली आणि म्हणाली, "बेटा, जीभ लावू नको हं त्याला." सात वर्षांच्या पोरीला हलत्या दाताला जीभ लावू नको म्हणायचं! ज्यांनी लेकरं वाढवली त्यांना मी वेगळं काय सांगू.

अडचण खरी होती. सिनेमा ओळीने चित्रित होत नाही. स्वयंपाकघरातला एक प्रसंग तिसऱ्या दिवशी अर्धा झाला होता आणि त्याचा उरलेला अर्धा अकराव्या दिवशी होता. पडद्यावर ती दारातून आत येणार आणि लगेच चुलीपाशी बसणार. दारात दात आहे आणि चुलीपाशी नाही, असं कसं चालेल? म्हणून तीन दिवस तिला भाकरीचा फक्त पापुद्रा, वरणभात, केळं. पेरू बंद, फल्लीची चिक्की बंद. दात टिकला. अकराव्या दिवशी तो प्रसंग संपला तेव्हा लाइटवाल्या दादांनी टाळ्या वाजवल्या. बाराव्या दिवशी पवनीला जाताना गाडीत तिने पेरू चावला आणि दात तळहातावर घेऊन मला दाखवला.

मी नागपूरच्या महाल भागात राहते. घरी ब्लाउज, फ्रॉक, शाळेचे गणवेश शिवते. तिचे बाबा बुटीबोरीच्या एमआयडीसीत पाळीवर जातात. नाटक-सिनेमाशी आमच्या घराचा संबंध एवढाच, की माझे वडील दिवाळीनंतर वडशाकडे झाडीपट्टीची नाटकं पाहायला जायचे आणि रात्रभर जागून सकाळी लाल डोळ्यांनी परत यायचे. गेल्या वर्षभरात तीन-चार आयांनी मला विचारलं, पोरीला सिनेमात काम मिळून राहिलं, काय काय करावं लागते? फोनवर तासभर बोलते तरी निम्मं राहून जातं. म्हणून हे लिहायला घेतलं. लेकीचं नाव लिहीत नाही, सिनेमाचंही नाही. ती आता दहा वर्षांची आहे आणि तिचं नाव कुठे यावं, हे तिने ठरवायचं आहे.

सुरुवात उन्हाळ्याच्या सुटीतल्या बालनाट्य शिबिरातून झाली. शिबिराच्या शेवटी लक्ष्मीनगरच्या सायंटिफिक सभागृहात मुलांचं नाटक झालं. त्यात हिला तीन वाक्यं होती. मुंबईहून मुलं शोधायला आलेला एक कास्टिंगचा मुलगा मागच्या रांगेत बसला होता. त्याने आमचा नंबर घेतला आणि आठवड्याने निरोप पाठवला: मोबाइल आडवा धरा, आधी नाव, वय, उंची, मग डावीकडून चेहरा, उजवीकडून चेहरा, मग हे संवाद.

आम्ही शिलाई मशीनमागच्या भिंतीपुढे तिला उभं केलं, कारण घरातली तेवढीच भिंत मोकळी आहे. पहिल्यांदा तिने हात नाचवून, डोळे मोठे करून संवाद म्हटले, शिबिरात शिकवल्यासारखे. दहा-बारा वेळा केलं, दर वेळी तसंच. शेवटी मी म्हटलं, "मोबाइलकडे नको पाहू. आजी बसली ना तिथे, तिला सांग." आजी खाटेवर मेथी निवडत होती. हिने आजीला सांगितलं आणि आजीने खरंच उत्तर दिलं, "काहून वं बाई, मग तू काय केलं?" तोच व्हिडिओ पाठवला, आजीच्या आवाजासकट.

पुढची भेट धरमपेठेतल्या एका हॉटेलच्या खोलीत झाली. दिग्दर्शकांनी तिला एकही संवाद म्हणायला लावला नाही. भुईमुगाच्या शेंगांचं ताट मांडलं आणि दोघं सोलत बसले. कॅमेरा बाजूला चालू होता. पाऊण तास ते तिच्याशी बोलले: शाळेत कोण मारतं, तान्ह्या पोळ्याला, म्हणजे मुलांच्या पोळ्याला, तिने लाकडी नंदी कसा सजवला होता, बोजारा, म्हणजे त्या दिवशी मिळणारे खाऊचे पैसे, किती जमला. मध्येच तिने विचारलं, "तुम्ही हे सारं कायले विचारून राहिले?" ते हसले नाहीत. "मला तुझ्यासोबत काम करायचं आहे, म्हणून तुला ओळखून घेतोय," म्हणाले. त्या उत्तराने माझं मन अर्धं तयार झालं. लेकराच्या प्रश्नाला माणूस कसं उत्तर देतो, त्यावरून मला तरी बरंच कळतं.

मोहल्ल्यात बातमी पसरायला वेळ लागला नाही. 'सैराट' येऊन तेव्हा सहा वर्षं झाली होती, तरी ब्लाउजचं माप द्यायला येणारी प्रत्येक बाई विचारायची, "काय म्हणते तुमची आर्ची?" 'झुंड' त्याच वर्षी, २०२२च्या मार्चमध्ये, लागला होता. नागराज मंजुळ्यांनी त्यात नागपूरचीच पोरं घेतली होती, त्यामुळे आपल्या गल्लीतलं पोट्टं पडद्यावर जाऊ शकतं हे सगळ्यांनी पाहिलं होतं. तिचे बाबा मात्र दोन दिवस गप्प होते. मग त्यांनी विचारलं, "शाळेचं काय? आणि हे कायद्याने चालते का?"

मला तो प्रश्न तेव्हा टोचला. आता वाटतं, त्या घरात शहाणं माणूस तेव्हा एकच होतं.

त्यांनी ओळखीच्या वकिलांकडून कागद आणले आणि रात्रपाळीहून आल्यावर चहा घेत मला वाचून दाखवले. बाल आणि किशोरवयीन कामगार अधिनियम १९८६चा आहे. २०१६ साली तो बदलला. चौदा वर्षांखालच्या मुलाला कुठल्याही कामावर ठेवायला बंदी आली, सवलत दोनच ठिकाणी: शाळा सुटल्यावर घरच्या कामात हातभार आणि कलाकार म्हणून काम. सर्कस त्यातूनही वगळली आहे. कलाकाराची सवलत मिळते तीही अटींवर, आणि त्या अटी २०१७च्या नियमांत लिहिल्या आहेत. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही. सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, मध्ये विश्रांती हवीच. लागोपाठ सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त नाही. शाळेच्या अभ्यासात खंड पडू द्यायचा नाही, त्याची सोय निर्मात्याने करायची. जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार माणूस. मिळकतीतले किमान वीस टक्के थेट मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत. शेवटची अट वाचताना तिचे बाबा थांबले. मुलाच्या इच्छेविरुद्ध त्याला सहभागी करून घ्यायचं नाही.

"म्हणजे ती नाही म्हणाली तर नाही," ते म्हणाले. "निर्मात्यासमोर नाही, तुझ्यासमोर."

परवानगी काढायची जबाबदारी निर्मात्याची असते, आईबापाची नाही. ज्या जिल्ह्यात चित्रीकरण, तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. सोबत हमीपत्र, मुलांची यादी, पालकांची संमती आणि मुलांच्या सुरक्षेला जबाबदार माणसाचं नाव. हमीपत्र सहा महिने चालतं. आमचे बहुतेक दिवस नागपूर आणि रामटेकला होते, पण चार दिवस वैनगंगेकाठी पवनीला होते. पवनी भंडारा जिल्ह्यात, म्हणून तिथला कागद वेगळा. निर्मिती बघणाऱ्या माणसाला हे आधी लक्षातच आलं नव्हतं, तिच्या बाबांनी दाखवून दिलं. त्यात डिसेंबर. १९ तारखेला हिवाळी अधिवेशन सुरू होणार होतं, म्हणजे सिव्हिल लाइन्समध्ये पोलिसांचा बंदोबस्त आणि साहेब लोक दिवसभर विधानभवनात. त्याआधी कागद व्हावा म्हणून तो बिचारा रोज खेटे घालत होता. मी त्याच्या मागे लागून दोन्ही परवानग्यांच्या झेरॉक्स घेतल्या. आयांना मी पहिलं हेच सांगते: "परवानगी काढली आहे" एवढ्या शब्दांवर थांबू नका, कागद हातात घ्या.

पैशांचंही इथेच सांगून टाकते. अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालच्या, मुलाला करार करता येत नाही, म्हणून सह्या आम्ही केल्या. मानधन दीड लाख ठरलं. आमच्या घराला ती रक्कम मोठी. तिचं पॅनकार्ड काढलं. लहान मुलाच्या पॅनकार्डावर फोटो नसतो, सही नसते, नुसतं नाव आणि जन्मतारीख. ते कार्ड हातात घेऊन ती हिरमुसली. निर्मात्याने दहा टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापायचा आयकर, कापला. मला वाटायचं, पोरीची कमाई बापाच्या उत्पन्नात धरतील. एरवी मुलाचं उत्पन्न आईबापाच्या उत्पन्नात मिळवतात, पण मुलाने स्वतःच्या अंगच्या कलेवर कमावलेलं मिळवत नाहीत. त्यामुळे सात वर्षांच्या मुलीचं आयकर विवरणपत्र तिच्याच नावाने भरलं, पालक म्हणून सही बाबांची, आणि कापलेले पंधरा हजार परत आले.

वीस टक्क्यांसाठी मात्र भांडावं लागलं. निर्मितीवाले म्हणत, सगळे पैसे तुमच्या खात्यात टाकतो, एफडी तुम्ही करा. नियमात थेट लिहिलं आहे, मी हटले नाही. बँकेतल्या बाईही म्हणाल्या, "ताई, तुमच्याच नावाने करा ना, उद्या गरज पडली तर मोडता येईल." उद्या गरज पडेल, हे मलाही ठाऊक होतं, म्हणूनच माझ्या नावाने नको होती. तीस हजारांची दहा वर्षांची ठेव झाली, मार्च २०२३ ते मार्च २०३३. ती अठराची होईल ऑगस्टात, म्हणजे पाच महिन्यांसाठी पुन्हा ठेवावी लागेल. पावती गोदरेजच्या कपाटात, तिच्या जन्मदाखल्यासोबत आहे.

जानेवारीत चित्रीकरण सुरू झालं. एकूण बावीस दिवस. मी लग्नातलं घड्याळ काढून मनगटावर बांधलं, कारण मोबाइल सेटवर बंद ठेवावा लागायचा.

पहिल्याच दिवशी वाद झाला. सकाळी साडेसातला बोलावलं होतं. मेकअपदादांनी केसांना तेल लावून दोन वेण्या घातल्या, गालावर उन्हाने रापल्यासारखा रंग दिला, फ्रॉक घातला. मग लाइट लावणं चाललं होतं, ते दहापर्यंत. साडेबाराला मी घड्याळ पाहिलं आणि म्हटलं, पाच तास झाले. निर्मितीचा माणूस म्हणाला, "ताई, कॅमेऱ्यासमोर ती जेमतेम दीड तास होती." मी विचारलं, "मग वेण्या घालून खुर्चीवर बसून होती, तो वेळ कोणाचा? फ्रॉक मळेल म्हणून तिला खेळू दिलं नाही, तो वेळ कोणाचा?" आवाज वर चढला असावा, कारण सगळे आमच्याकडे पाहत होते. दिग्दर्शक आले. त्यांनी दोघांचं ऐकलं आणि सांगितलं, मेकअपच्या खुर्चीत बसली की घड्याळ सुरू. त्या दिवशी तिचा एक शॉट राहिला, तो दुसऱ्या दिवशी घेतला. त्यानंतर तिला साडेसातला कोणी बोलावलं नाही. लाइट लागले की फोन यायचा, मग आम्ही निघायचो. काम तेवढंच झालं, फक्त मोठ्यांनी आधी तयारी केली.

शिकवायला कोणी नव्हतं. तिसऱ्या दिवशी मी विचारलं, चौथ्या दिवशी एक डी.एड. झालेली मुलगी आली. व्हॅनमध्ये बसून दोघींनी दुसरीच्या गणिताचं अख्खं हातच्याचं प्रकरण संपवलं. शाळेचं मात्र मला आजही लागतं. आधी अर्ज दिला होता, तरी परत गेल्यावर वर्गात सगळ्यांसमोर "आल्या हिरोइन" म्हणून तिला उभं केलं. ती घरी येऊन म्हणाली, "आई, मी शाळेत सांगतच नाही आता." कोणत्या शाळेत, ते लिहीत नाही. सात वर्षांच्या मुलीने केलेलं काम लपवायला शिकावं, याचं वाईट वाटतं.

आता रामटेकच्या एका सकाळबद्दल.

सिनेमातली गोष्ट उन्हाळ्यातली आणि आम्ही जानेवारीत. रामटेकला अंबाळा तलावाच्या पायऱ्यांवरचा प्रसंग होता. पहाटेचा उजेड हवा म्हणून त्या दिवशी आम्ही अंधारातच पोचलो. पारा दहाच्या खाली असेल. ती पातळ सुती फ्रॉकमध्ये. एकसारखे तीन फ्रॉक होते. एक मळला तर दुसरा, भिजला तर तिसरा. मी आदल्या रात्री तिन्हींना आतून फ्लॅनेलचं अस्तर लावलं होतं. घेर जरा फुगला, पण कोणाच्या लक्षात आलं नाही. ती पायरीवर बसली, संवाद म्हटला आणि तिच्या तोंडातून वाफ निघाली. मेच्या उन्हाळ्यात तोंडातून वाफ! दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा तेच.

एक सहायक धावत थर्मोकोलच्या डब्यातून बर्फाचे खडे घेऊन आला. मोठे नट असंच करतात म्हणाला. संवादाच्या आधी बर्फ चघळायचा, म्हणजे तोंड थंड पडतं आणि वाफ दिसत नाही. युक्ती खरी आहे आणि कामाची आहे. त्याने खडा तिच्या हातात दिला. तिने माझ्याकडे पाहिलं. आणि मी, सांगायला जड जातं, मान डोलावली. साठ माणसं थांबली होती. उजेड पालटत होता. दोन मिनिटांचं काम आहे, असं मनात आलं.

तिने बर्फ तोंडात ठेवला, लगेच हातावर काढला आणि म्हणाली, "आई, दात ठणकून राहिला." तो दहावा दिवस होता, दात अर्धा सुटलेला. मी म्हटलं, "दुसऱ्या बाजूने ठेव." तिने ठेवला. डोळ्यांत पाणी आलं. पुन्हा काढला. या वेळी माझ्याकडे न पाहता तिने सरळ दिग्दर्शकांना सांगितलं, "मले नाही ठेवायचा."

माझ्या पुढे होऊन माझ्या मुलीने ते सांगितलं. घड्याळ मनगटावर होतं, नियमांचा कागद पर्समध्ये होता, आणि तिच्या बाबांनी जे मला बजावलं होतं नेमकं त्याच जागी मी कमी पडले. दिग्दर्शकांनी बर्फ परत पाठवला. तिला शालीत गुंडाळून गाडीत बसवलं, गरम दूध दिलं, आणि तो प्रसंग साडेदहाला उन्हात घेतला. पहाटेचा निळा उजेड त्यात नाही. पांढरं ऊन आहे, आणि उन्हाळ्याच्या गोष्टीत ते शोभतं.

रडण्याच्या प्रसंगाच्या वेळी मी तयार होते. तिथेही एकाने तिच्या कानात सांगितलं, "असं समज, तुझी आजी गेली." तिला रडू आलंच नाही. चेहरा कोरा पडला आणि माझ्याकडे येऊन ती म्हणाली, "आजीले फोन लाव." आजीची दोन महिन्यांपूर्वीच अँजिओप्लास्टी झाली होती, त्या माणसाला ठाऊक नसेल, पण विचारायला हवं होतं. मी काम थांबवायला सांगितलं. फोन लावला. आजी तिकडून सांबारवडीच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या वडीच्या, सारणाबद्दल बोलत राहिली, ही ऐकत राहिली, दहा मिनिटांनी रंग परत आला. मग दिग्दर्शकांनी कॅमेराच मागे नेला. पडद्यावर तिची पाठ दिसते, दोन वेण्या, आणि उचकी लागल्यासारखे हलणारे खांदे. चित्रपटगृहात लोक त्याच जागी डोळे पुसत होते. तिने तेव्हा खरंच उचक्यांचं सोंग केलं होतं आणि शॉट संपल्यावर पाणी मागितलं होतं.

पडलेल्या दाताची सोयही त्यांनी गोष्टीतच केली. उरलेले प्रसंग गोष्टीत पुढचेच होते, म्हणून पवनीला आजोबांच्या तोंडी एक वाक्य घातलं, "दात कुठे गेला वं?" आणि तिने आपल्या मनाने उत्तर दिलं, "कौलावर फेकला, उंदीर नेईल." लिहिलेलं नव्हतं ते. ठेवलं.

मेमध्ये डबिंगला मुंबईला गेलो, विदर्भ एक्सप्रेसने, रात्रभराचा प्रवास. अंधेरीतली छोटी खोली, भिंतींना मऊ गाद्या, समोर पडदा, मध्ये माइक. माइक खाली येईना म्हणून तिला स्टुलावर उभं केलं. कानांवर एवढा मोठा हेडफोन, की एका हाताने धरावा लागे. चित्रीकरणाच्या वेळी घेतलेल्या आवाजाला पायलट म्हणतात. इतवारी बाजारातल्या प्रसंगांत मागे हातगाड्या, हॉर्न, भाव सांगणारे, म्हणून ते संवाद पुन्हा बोलायचे होते. एकेक वाक्य परत परत ऐकवतात आणि पडद्यावरच्या ओठांना ओठ जुळवून म्हणायचं. मोठ्यांना अवघड जातं. तिला वाचत वाचत बोलणं जमेना, म्हणून मी वाक्य कानात सांगायचे आणि बाजूला व्हायचे.

दोन गोष्टी आड आल्या. एक म्हणजे तोवर उजवीकडचाही दात पडला होता आणि 'स' म्हटला की शिट्टी वाजायची. "आई, साखर संपली" या वाक्यात तीन शिट्ट्या आल्या असं वाटलं. पडद्यावर दात दिसतो आहे आणि आवाज बोळक्याचा. रेकॉर्डिंग करणाऱ्या दादांनी शांतपणे पायलटमधून तिचेच जुने, दातासकटचे 'स' शोधून काढले आणि नव्या वाक्यांत जोडले. एका वाक्याला वीस मिनिटं. मी त्यांच्यामागे उभी राहून पाहत होते. अस्तर जोडताना टाका वरून दिसू नये म्हणून आम्ही जे करतो, तेच ते आवाजाचं करत होते.

दुसरी गोष्ट भाषेची. युनिटमधले बहुतेक लोक पुण्या-मुंबईचे, आणि सेटवर महिनाभर त्यांचं ऐकून ही बदलली होती. पडद्यावरची ती म्हणायची, "काय करून राहिला?" आणि माइकपुढची ती म्हणाली, "काय करतोयस?" ओठ जुळेनात. दिग्दर्शकांनी विचारलं, "तुझं आधीचं बोलणं कुठे गेलं?" तिला कळेना. मी आजीला फोन लावला, स्पीकरवर. पाच मिनिटं दोघी बोलल्या, काय जेवली, तिकडे गरमी आहे का, गाडीत झोप झाली का. मग ती स्टुलावर चढली आणि धडाधड सतरा वाक्यं करून टाकली. हेडफोनमध्ये आपला जानेवारीतला आवाज ऐकून तिने विचारलं, "ही मीच आहे ना? लहान वाटते."

सिनेमा नागपुरात एक आठवडा चालला. आजीला घेऊन आम्ही दुपारच्या खेळाला गेलो. सुरुवातीला पाटी येते, चित्रीकरणादरम्यान बालकांचं शोषण, छळ किंवा त्यांच्याकडे दुर्लक्ष होऊ नये म्हणून सर्व काळजी घेतली आहे, अशा अर्थाची. नियमानेच ती दाखवावी लागते. आधी मी अशा पाट्या कधी वाचल्या नव्हत्या. त्या दिवशी शब्द न् शब्द वाचला आणि मला तलावाची पायरी आठवली, बर्फाचा खडा आठवला. पाटी खोटी नव्हती. ती खरी राहिली लेकीमुळे, माझ्यामुळे नाही.

त्यानंतर एका मालिकेसाठी बोलावणं आलं. मुंबईला राहायचं, महिन्याचे पैसे सिनेमापेक्षा जास्त. तिच्या बाबांनी निर्णय आमच्यावर सोडला. मी रात्री पडल्या पडल्या हिशेब करायचे, गोरेगावकडे एका खोलीचं भाडं किती, माझं मशीन नेता येईल का. मला जायचं होतं. हे कबूल केलंच पाहिजे, कारण आईला स्वतःची इच्छा आणि लेकराची इच्छा यातला फरक कळेनासा होतो, आणि कळेनासा झाला की ती सगळ्यांना सांगते, "तिलाच फार आवड आहे." मी तिला विचारलं. तिने उलट विचारलं, "आजी येईल का?" आजीला दवाखान्यामुळे नागपूर सोडता येणार नव्हतं. "मग नाही," म्हणाली आणि दप्तर भरायला गेली. मी दोनदा आणखी विचारलं, वेगळ्या शब्दांत. दोनदा नाही. मग मी फोन करून कळवलं.

मध्ये दोन वर्षं तिने काही केलं नाही. शाळा, सायकल, तान्हा पोळा. गेल्या वर्षी बालनाट्य स्पर्धेत एक भूमिका केली, तीही मैत्रीण होती म्हणून.

२३ सप्टेंबर २०२५ला दिल्लीत राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार दिले, ते आम्ही टीव्हीवर पाहिलं. 'नाळ २'मधली त्रिशा ठोसर साडी नेसून राष्ट्रपतींच्या हातून बालकलाकाराचा पुरस्कार घ्यायला गेली. एवढीशी पोर. आजीने टाळ्या वाजवल्या. मी लेकीकडे पाहत होते, तिला काय वाटत असेल म्हणून. ती पुढे सरकून पडद्याजवळ बसली होती.

"आई, ती माझ्याहून लहान आहे."

"हो."

"तिच्यासोबत कोण होतं गं शूटिंगले?"

"तिच्या घरचं कोणी असेल."

"घड्याळ घालून?"

मी काही बोलले नाही. तिने रिमोट घेऊन आवाज वाढवला. दुसऱ्या दिवशी शाळेतून आल्यावर ती शिलाई मशीनमागच्या भिंतीपुढे उभी राहिली आणि म्हणाली, आजीला खाटेवर बसव आणि मोबाइल आडवा धर. कोणाला पाठवायचा, ते तिने अजून ठरवलेलं नाही. व्हिडिओ माझ्या फोनमध्ये आहे.